एकशे सहा जिवांचा तपास कोठे आहे?

(शिंदखेडा येथे गिरणीकामगारांच्या सभेत केलेले भाषण)



आज आम्ही हिशेब मागायला उभे आहोत. तुमच्याकडे नव्हे, घाबरू नका! तुमच्याकडे हिशेब मागणारे मुकादम, मॅनेजर आणि सोसायटीवाले पुष्कळ आहेत. आम्हांला हिशेब हवा आहे तो सरकारकडून, आणि तो जुना आहे. १९५५ च्या नोव्हेंबरातला आणि १९५६ च्या जानेवारीतला.

त्या दोन महिन्यांत मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र मागणाऱ्या माणसांवर मुंबई राज्याच्या पोलिसांनी गोळ्या झाडल्या. एकशे पाच हुतात्मे असे आपण वर्षानुवर्षे म्हणत आलो. पुढे नावे जुळवता जुळवता आकडा १०६ झाला, कोणी १०७ सांगतात. आता बघा, मेलेल्या माणसांचा आकडाच तीन तऱ्हांनी सांगावा लागतो, इथेच सारी गोम आहे. माणूस गोळीने मेला तर तो कोण, कोठे उभा होता, कोणाच्या हुकमाने मेला, याची सरकारी नोंद पक्की हवी की नको? ती पक्की नाही, कारण या मृत्यूंची न्यायालयीन चौकशी झालीच नाही.

तुम्ही साच्यावर उभी राहिलेली माणसे आहात. कापडाचा तागा उतरतो, घडीखात्यात जातो, तिथे तो उजेडावर धरून तपासतात. वीतभर डाग निघाला, एखादा तार सुटलेला निघाला, तर काय होते? तागा कोणत्या साच्याचा, कोणत्या पाळीत विणला, साच्यावर कायमचा माणूस होता की बदलीवाला, सगळे तासाभरात बाहेर येते. साचेवाल्याला बोलावतात, डाग दाखवतात, पगारातून कापतात. वीतभर खराब कापडाची चौकशी होते, बंधूंनो! आणि शंभरावर माणसे भर रस्त्यात, चाळींच्या तोंडाशी गोळी लागून पडली, त्यांची चौकशी करावी असे त्या वेळच्या राज्यकर्त्यांना वाटले नाही.

झाले काय, ते थोडक्यात सांगतो. पोरासोरांना शाळेत हे एका परिच्छेदात उरकून शिकवतात, म्हणून पुन्हा सांगणे भाग आहे.

राज्यपुनर्रचना आयोगाचा अहवाल १९५५ च्या ऑक्टोबरात बाहेर आला. आंध्र तेलुगूंना, कर्नाटक कन्नडिगांना, केरळ मल्याळ्यांना. मराठी आणि गुजराती माणसाला मात्र द्वैभाषिकाचे जोखड, आणि विदर्भ वेगळा. त्यावर ओरड झाली, तेव्हा काँग्रेसश्रेष्ठींनी नोव्हेंबरात त्रिराज्याचा तोडगा काढला. गुजरात वेगळा, महाराष्ट्र वेगळा आणि मुंबई शहर त्याहून वेगळे! म्हणजे मुंबई कोणाची, तर कोणाचीच नाही. खरे सांगायचे तर थैलीवाल्यांची. गिरण्या चालवणारा कामगार मराठी, गोदीतला हमाल मराठी, झाडूवाला मराठी, आणि शहर तेवढे मराठी माणसाचे नाही.

१८ नोव्हेंबरला विधानसभेवर मोर्चा गेला, त्यावर लाठ्या आणि अश्रुधूर. २० तारखेला चौपाटीवर काँग्रेसची सभा, तिथे मोरारजी देसाई आणि स. का. पाटील बोलले, लोकांनी ती सभा उधळली. २१ नोव्हेंबरला संप. गिरण्या थांबल्या, भोंग्याला कोणी दाद दिली नाही आणि माणसांचा लोंढा फ्लोरा फाउंटनकडे निघाला. त्या दिवशी गोळीबारात १५ माणसे मेली. मोरारजीभाई मुख्यमंत्री होते. मग १६ जानेवारी १९५६ ला पंडित नेहरूंनी मुंबई केंद्राच्या ताब्यात राहील असे जाहीर केले, आणि पुढचा आठवडाभर मुंबई पेटली. गिरणगावात गोळ्या चालल्या. रस्त्यावरचे तर मेलेच; चाळीच्या गॅलरीत आणि दारात उभ्या असलेल्यांनाही गोळ्या लागल्याचे जुनी माणसे सांगत आली. हुतात्म्यांतले बहुसंख्य याच आठवड्यातले आहेत. तिकडे बेळगावातही रक्त सांडले. सीमाभागात १७ जानेवारी हा हुतात्मादिन पाळतात तो त्यामुळेच.

आता आपल्या खानदेशाकडे या. मुंबईच्या गोळीबाराशी शिंदखेड्याचा काय संबंध, असे एखाद्याच्या मनात आले असेल. संबंध आहे, भाऊ. इथला कापूस जिनात जातो, सरकी वेगळी, रुई वेगळी, गाठी बांधल्या जातात. आणि त्या गाठींच्या मागोमाग इथली माणसे गिरणीत गेली. कोणी अमळनेरच्या प्रताप मिलमध्ये, कोणी धुळ्याला, कोणी जळगावच्या खानदेश मिलमध्ये, काही थेट मुंबईला. अमळनेरचा आणि जळगावचा भोंगा बंद पडला त्याला वर्षे लोटली. आज तुम्ही सूतगिरणीत आणि यंत्रमागावर राबता. पण आजोबा, चुलते गिरणीत होते अशी घरे या सभेत थोडी नसतील.

गोळीबार म्हणजे काय हेही खानदेशाला कोणी मुंबईहून येऊन सांगायला नको. या स्टेशनवरून सुरतेकडे जाणारी गाडी नंदुरबारला थांबते. ९ सप्टेंबर १९४२ रोजी त्या गावात तिरंगा घेऊन निघालेल्या पोरांवर इंग्रजांच्या पोलिसांनी गोळ्या झाडल्या. शिरीषकुमार मेहता आणि त्याचे चार सोबती पडले. पाचही जण कोवळी पोरे. त्यांची चौकशी इंग्रजाने करावी अशी कोणाची अपेक्षा नव्हती. परका माणूस, परके राज्य. त्याच्याकडे न्याय कसला मागायचा?

आणि याच शिंदखेडे तालुक्यातले चिमठाणे आठवा. १४ एप्रिल १९४४ ला साताऱ्याच्या प्रतिसरकारच्या क्रांतिकारकांनी तिथे सरकारी खजिना लुटला. साडेपाच लाखांच्या आसपास रक्कम. मग काय झाले? पोलीस माग काढीत फिरले, पकडापकड झाली. सरकारचा पैसा गेला की तपासाला पाय फुटतात, असा अनुभव या तालुक्याने घेतला आहे. १९५५ साली राज्य आपले होते, घटना आपली होती, पोलीस आपल्याच घरातून भरती झालेले होते. तरीही जीव गेले तेव्हा तपासाचे पाय लुळे पडले.

एक माणूस मात्र दिल्लीच्या मंत्रिमंडळात बसून हे बोलला. चिंतामणराव देशमुख. कुलाबा जिल्ह्यातून निवडून आलेले, रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर, देशाचे अर्थमंत्री. मोर्च्यात घोषणा देणारा हा गडी नव्हे. आकड्यांत आणि संस्कृत श्लोकांत रमणारा विद्वान. ३ जून १९५६ ला नेहरूंनी मुंबईत येऊन शहर पाच वर्षे केंद्राच्या ताब्यात राहील असे सांगून टाकले, तेही मंत्रिमंडळाला न विचारता. चिंतामणरावांनी राजीनामा दिला आणि जुलै १९५६ मध्ये लोकसभेत निवेदन केले. त्यात राज्यकारभाराच्या रीतीबद्दल तक्रार होती, आणि मुंबईच्या गोळीबाराची न्यायालयीन चौकशी व्हावी ही मागणी मानली गेली नाही, याबद्दलही होती. अर्थमंत्रिपद सोडण्याइतकी मोठी गोष्ट त्यांना ती वाटली. आमच्या मते त्या राजीनाम्याचे खरे मोल इथे आहे. पुतळे उभारताना हा भाग कोणी सांगत नाही.

आता तुम्ही विचाराल, चौकशी नाकारता तरी कशी येते? कायदा नव्हता काय? कायदा होता ना! आणि तो कायदाच जरा नीट बघायला हवा. वकिली भाषा बाजूला ठेवून सांगतो.

१९५२ साली चौकशी आयोगाचा कायदा झाला. सार्वजनिक महत्त्वाच्या गोष्टीची चौकशी करायला सरकारने आयोग नेमावा. त्या आयोगाला साक्षीदार बोलावता येतात, शपथेवर विचारता येते, कागद मागवता येतात. फार चांगले. पण नेमायचा कोणी? सरकारने. विधानसभेने किंवा लोकसभेने ठराव केला तर सरकारला आयोग नेमावाच लागतो, एवढी एक खिडकी त्यात आहे. पण विधानसभेत बहुमत कोणाचे? पुन्हा त्याच सरकारचे. म्हणजे ज्यांच्या पोलिसांनी गोळी झाडली, त्यांनीच ठरवायचे की गोळीची चौकशी करावी की नाही. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात ते हेच.

बरे, आयोग नको, सरळ फौजदारी खटला भरू, असे म्हणाल तर तिथे दुसरे कुलूप. त्या वेळच्या १८९८ च्या फौजदारी संहितेत १३२ वे कलम होते. बेकायदा जमाव पांगवण्यासाठी जे काही केले, त्याबद्दल खटला भरायचा तर आधी सरकारची परवानगी हवी. साहेब गेला, १९७३ ला नवी संहिता आली, कलम आणि त्याचा आकडाही तोच राहिला. २०२३ ची नागरिक सुरक्षा संहिता आली, ती १ जुलै २०२४ पासून लागू झाली; त्यात हाच नियम १५१ व्या कलमात बसला आहे. घर दोनदा बदलले, पण कुलूप तेच.

आम्ही पोलिसाच्या विरुद्ध बोलत नाही, हे स्पष्ट सांगतो. पोलीस हाही पगारी माणूस, तुमच्यासारखाच पाळीत राबणारा. जमाव खरोखर जाळपोळ करीत असेल, कोणाचा जीव जात असेल, तर बळ वापरण्याचा अधिकार कायद्याने त्याला दिलेला आहे. पण त्याची रीत ठरलेली आहे. आधी पांगा असा हुकूम, मग इशारा, मग लाठी, अश्रुधूर, आणि काहीच चालले नाही तर गोळी. तीही लागेल तेवढीच. किती काडतुसे घेऊन निघाले, किती परत आली, याचा हिशेब लागतो. ही रीत पाळली की नाही, हे ठरवण्याचे काम चौकशीचे. रीत पाळली असेल तर पोलिसाच्या अंगावरचा डाग जाईल. मग चौकशीला भ्यायचे कोणी? ज्याने हुकूम दिला त्याने!

जरा अहमदाबादकडे बघा. तेही गिरण्यांचे गाव, तिथेही आपल्यासारखेच गिरणीकामगार. ऑगस्ट १९५६ मध्ये संसदेने विशाल द्वैभाषिक मंजूर केले, आणि ८ ऑगस्टला अहमदाबादच्या काँग्रेस भवनापुढे महागुजरात मागणाऱ्या पोरांवर गोळी चालली. त्या पोरांच्या आठवणीसाठी ८ ऑगस्ट १९५८ ला इंदुलाल याज्ञिकांच्या लोकांनी तिथेच स्मारक मांडले. सरकारने ते हलवले, दंगा उसळला, आणि १२, १३, १४ ऑगस्टला पुन्हा गोळीबार झाला. या दुसऱ्या गोळीबाराची मात्र चौकशी झाली! न्यायमूर्ती कोतवालांचा आयोग बसला, साक्षी झाल्या, अहवाल छापला गेला. तेव्हा मोरारजीभाई दिल्लीला गेलेले होते आणि यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री होते. राज्य तेच द्वैभाषिक, कायदा तोच १९५२ चा. मग १९५८ ला जे जमले ते १९५६ ला का जमू नये? स्मारकावरून झालेल्या गोळीबाराची चौकशी होते, आणि ज्यांचे स्मारक त्यांच्या मरणाची होत नाही, असा हा अजब न्याय. कायदा अपुरा होता ही सबब अहमदाबादच्या आयोगाने खोटी पाडली. इच्छा नव्हती, एवढेच खरे.

मुंबईने आणि महाराष्ट्राने काय केले ते तुम्हांला माहीत आहे. ६ फेब्रुवारी १९५६ ला पुण्यात संयुक्त महाराष्ट्र समिती उभी राहिली. कोर्टाने दार उघडले नाही, तेव्हा लोकांनी मतपेटीचे दार उघडले. १९५७ च्या निवडणुकीत खानदेशाने केलेली कामगिरी तर फारच थोड्यांना ठाऊक असते. धुळ्यातून लोकसभेवर जनसंघाचे उत्तमराव पाटील निवडून आले. त्या साली जनसंघाचे साऱ्या देशात चार खासदार होते, त्यांतले एक आपल्या धुळ्याचे! आणि पूर्व खानदेशाने कोणाला पाठवले? नौशेर भरुचांना. मुंबईचा पारशी वकील, त्याला खानदेशी शेतकऱ्याने आणि गिरणीकामगाराने मते दिली. कम्युनिस्ट, समाजवादी, शेकाप, जनसंघ, शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशन, एरवी एकमेकांचे तोंड न पाहणारी माणसे एका मांडवात आली. मराठीचा लढा म्हणजे दुसऱ्या भाषेच्या माणसाचा द्वेष, असे म्हणणाऱ्यांच्या तोंडावर पूर्व खानदेशाने हे उत्तर दिले आहे.

१ मे १९६० ला राज्य मिळाले. कामगारदिनाच्या दिवशी मिळाले. डांग गेले, उंबरगाव गेले, पश्चिम खानदेशातलीही काही गावे गुजरातेत गेली. बेळगाव, कारवार, निपाणी बाहेर राहिली, त्यांचा दावा महाराष्ट्राने २००४ साली सर्वोच्च न्यायालयात नेला आणि वीस वर्षांनंतरही सीमाभाग निकालाची वाटच बघत होता. पण राज्य मिळाले. फ्लोरा फाउंटनचा हुतात्मा चौक झाला, तिथे मशाल धरलेला शेतकरी आणि कामगार उभे राहिले. दर २१ नोव्हेंबरला फुले वाहिली जातात.

आणि चौकशी?

इथे आम्हांला आपल्याच माणसांना दोन शब्द सुनवायचे आहेत. मोरारजींनी चौकशी केली नाही हे आपण छाती पिटून सांगतो. पण १ मे १९६० नंतर सरकार कोणाचे होते? मराठी माणसाचे. गृहखाते कोणाकडे? मराठी माणसाकडे. पोलीस आयुक्तांच्या कचेरीच्या किल्ल्या कोणाकडे? पुन्हा मराठी माणसाकडेच. हुकूम देणारे हयात होते, गोळी झाडणारे नोकरीत होते, साक्षीदार चाळींत राहत होते. तेव्हाही आयोग नेमला गेला नाही. हार घालणे सोपे असते हो. हार घातला की हुतात्मा गप्प बसतो. चौकशी लावली की फायली बोलायला लागतात. मंगल कलश आला त्या आनंदात हे राहून गेले, असे कोणी म्हणेल. राहून गेले की ठेवून दिले?

पुढच्या गोळीबारांकडे पाहिले म्हणजे या राहून गेलेल्या चौकशीची किंमत कळते. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, माणसे रस्त्यावर आली, राज्य राखीव दलाने गोळीबार केला, दहा माणसे मेली. तिथे न्यायमूर्ती गुंडेवारांचा आयोग बसला आणि गोळीबार समर्थनीय नव्हता असे त्याने सांगितले. लोकांनी पिच्छा सोडला नाही. बारा वर्षे! २००९ साली शिवडीच्या सत्र न्यायालयाने हुकूम देणाऱ्या फौजदाराला जन्मठेप सुनावली. पुढे उच्च न्यायालयातून त्याला जामीन मिळाला, हेही सांगितले पाहिजे. निकाल पुरा वाटो की अपुरा, पण तिथे दहा मेले हे कोर्टाच्या दप्तरात आहे, हुकूम कोणाचा हे दप्तरात आहे, रस्त्यावर काय चालले होते ते दप्तरात आहे. १९५६ च्या आपल्या माणसांना यातले काहीच मिळाले नाही.

बेळगाव भागात १ जून १९८६ ला कन्नडसक्तीविरुद्धच्या आंदोलनात गोळ्या चालल्या, नऊ माणसे गेली. ९ ऑगस्ट २०११ ला मावळात पवनेच्या पाण्यासाठी शेतकरी द्रुतगती मार्गावर उतरले, तीन मेले, त्यांत एक बाई. आणि आपल्या उंबऱ्यावरचे धुळे. ६ जानेवारी २०१३ ला मच्छीबाजार भागात हॉटेलच्या बिलाच्या भांडणावरून दंगल पेटली, पोलिसांच्या गोळीबारात सहा मुसलमान तरुण मेले. तिथेही निवृत्त न्यायमूर्तींचा आयोग नेमावा लागला, आणि चित्रफितीत नासधूस करताना दिसलेल्या काही पोलिसांना अटकही झाली. मेलेला मराठा की मुसलमान, दलित की शेतकरी, हे विचारून तुमचा तपास मागायचा की नाही ते ठरवू नका. आज त्याच्या मरणाचा तपास बुडाला, तर उद्या तुमच्या संपावर गोळी चालवणाऱ्याला वाट मोकळी झाली म्हणून समजा. अमुक जातीचा मेला म्हणून मान फिरवणारा कामगार स्वतःच्याच साच्याचा पट्टा कापतो.

कायद्यात सुधारणा झाली नाही असेही नाही. १९७१ साली चौकशी आयोगाच्या कायद्यात भर पडली: अहवाल आल्यावर सहा महिन्यांत तो सरकारने काय केले त्या निवेदनासह सभागृहापुढे ठेवलाच पाहिजे. तरी आयोगाचा अहवाल म्हणजे निकाल नव्हे. तो सरकारवर बंधनकारक नसतो, हे विसरू नका. आणि २३ सप्टेंबर २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने मुंबईतल्या पोलीस चकमकींच्या खटल्यात सांगितले की पोलिसांच्या गोळीने मृत्यू झाला की दंडाधिकाऱ्याची चौकशी झालीच पाहिजे. झालीच पाहिजे, हे शब्द ध्यानात घ्या. तेव्हा उद्या कोठे असा प्रसंग आला, देव न करो, आणि कोणी साहेब म्हणाला की चौकशीची गरज नाही, तर त्याला हा निकाल दाखवा. मयताच्या घरच्यांनी शवविच्छेदनाच्या कागदाची प्रत मागावी, जखम पुढून की पाठीमागून हे त्यात असते. नुकसानभरपाईचा चेक घेतला म्हणजे तक्रार मिटली, असे कोणी सांगेल. तसे काही नाही. चेक घ्या आणि तक्रारही ठेवा.

मग १९५५-५६ चे काय? सत्तर वर्षे झाली. हुकूम देणारे गेले, झाडणारे गेले, खटला कोणावर भरायचा? कोणावर नाही. आम्हांला कोणाला फासावर चढवायचे नाही. आम्हांला कागद हवेत. आणि ते मागायला आता मोर्चा काढावा लागत नाही, दहा रुपयांचा तिकीट लावलेला अर्ज पुरतो. २००५ च्या माहिती अधिकार कायद्यात आठव्या कलमाचे तिसरे पोटकलम आहे, ते फार थोडे लोक वाचतात. घटना वीस वर्षांपूर्वीची असेल तर एरवीच्या बहुतेक सबबी चालत नाहीत. देशाची सुरक्षितता, विधिमंडळाचे हक्क आणि मंत्रिमंडळाचे कागद एवढ्या तीन सबबी उरतात. परळच्या नाक्यावर किती राउंड झाडले, याने आज देशाची सुरक्षितता धोक्यात येते असे कोणी म्हणू लागला, तर त्याचे तोंड बघायला आम्ही मुंबईला जाऊ!

हुतात्म्यांच्या घरच्यांना वर्षानुवर्षे सभेत पहिल्या रांगेत बसवून शाल-नारळ दिला. त्यांच्यातल्या एखाद्या नातवाला विचारा, आजोबा कोणत्या नाक्यावर पडले, कोणत्या इस्पितळात नेले, गोळी कोठे लागली? बहुतेकांना घरात ऐकलेले तेवढेच ठाऊक. कागद कोणाच्या हाती नाही. गिरणीकामगाराच्या घरात पगाराची चिठ्ठी जपून ठेवतात, भविष्यनिर्वाह निधीचा आकडा ट्रंकेत ठेवतात. आणि ज्याच्या जिवावर राज्य झाले त्याच्या मरणाचा कागद सरकारी कपाटात.

म्हणून सभा संपल्यावर कोणी लगेच उठू नका. पलीकडे टेबल मांडले आहे. तिथे अर्जाचे छापील कागद आहेत, दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला दहा रुपयेही लागत नाहीत, त्याने फक्त दाखल्याची प्रत जोडावी. ज्यांना लिहिता येत नाही त्यांच्यासाठी आपली कॉलेजातली पोरे बसली आहेत, त्यांना नाव-गाव सांगा. अर्ज महाराष्ट्र शासनाच्या गृह विभागाच्या नावे आहे आणि त्यात चारच गोष्टी विचारल्या आहेत: २१ नोव्हेंबर १९५५ रोजी आणि १६ जानेवारी १९५६ पासूनच्या आठवड्यात मुंबईत कोठे कोठे गोळीबार झाला त्याच्या नोंदी, प्रत्येक ठिकाणी हुकूम कोणी दिला, किती काडतुसे झाडली गेली, आणि मृतांची नावे, वये व शवविच्छेदनाचे कागद. कागद नष्ट केले असतील तर कोणत्या तारखेला, कोणाच्या सहीने नष्ट केले, हेही त्यात विचारले आहे. तीस दिवसांत उत्तर द्यावे लागते. नाही आले तर अपिलाचा दुसरा कागद त्याच टेबलावर आहे, तोही आजच घेऊन जा.